आपल्या गाण्यांतील शांती
(विहाराच्या वर्धापनदिनी दिंद्रुड येथे केलेले भाषण)



समितीने मला विषय दिला, 'गीतांमधील शांतीचा संदेश'. मी गायक नाही. जन्मभर मास्तरकी केली, त्यामुळे बोलायची सवय आहे एवढंच. खीर तयार झाल्याचा वास इथपर्यंत आलाय, तेव्हा फार वेळ घेणार नाही.

आधी एक आठवण सांगतो. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव देण्याचा ठराव केला आणि मराठवाड्यात खेड्यापाड्यांतल्या आपल्या वस्त्या पेटल्या. नांदेड जिल्ह्यात टेंभुर्णीला पोचिराम कांबळे यांचा बळी गेला. मी तेव्हा अकरा वर्षांचा होतो. आमच्या गावात जाळपोळ झाली नाही, पण "आज रात्री येणार" अशी कुणकुण लागली. माय आम्हा भावंडांना घेऊन पिकात जाऊन बसली. पाऊस पडून गेलेला, खाली चिखल. धाकटी बहीण हुंदका द्यायला लागली की माय तिच्या तोंडावर हात ठेवायची आणि म्हणायची, "गप ऱ्हा माय, गप ऱ्हा." त्या रात्री कोणी आलं नाही. वस्तीत दिवा नव्हता, कुत्रंसुद्धा भुंकत नव्हतं. दुसऱ्या दिवशी गावात चौकशीला आलेल्या साहेबाने लिहून नेलं की गावात शांतता आहे.

बंधू-भगिनींनो, तेव्हापासून 'शांतता' या शब्दाची मला थोडी भीती वाटते. लेकराच्या तोंडावर हात ठेवून जी मिळते, ती शांतता. मग आपण ज्या शांतीसाठी रोज वंदना घेतो ती कोणती? याचं उत्तर मला आपल्या गाण्यांत सापडलं.

पहिलं गाणं मायचंच. पंधरा दिवसांनी ती पुन्हा जात्यावर बसली. मी गोधडीत पडून ऐकत होतो. मला वाटलं, आता ती गावाला शिव्याशाप देईल. तिने तसं काही गायलं नाही. तिने भीमाचं नाव घेतलं, रमाईचं घेतलं आणि माझं लेकरू शाळेत जाऊ दे म्हणाली. 'गाव जळो' म्हणाली नाही आणि 'झालं गेलं विसरून जा' असंही म्हणाली नाही. तिचं सगळं म्हणणं त्या दोन गोष्टींच्या मधे होतं.

अशी माय काही माझी एकटीचीच नव्हती. आपल्या तालुक्याच्या गावी, माजलगावच्या भीमनगरात, बायकांनी बुद्ध, धम्म, संघ, भीमराव आणि रमाई यांच्यावर रचलेल्या ओव्या पुण्याच्या हेमा राईरकर आणि गी पॉयतवाँ यांच्या जात्यावरच्या ओव्यांच्या प्रकल्पात १९९६ साली ध्वनिमुद्रित झाल्या. महाराष्ट्रातल्या हजाराहून जास्त गावांतून त्यांनी एक लाखावर ओव्या जमवल्या. त्यात आपल्या माजलगावच्या बायांचा आवाज आहे. आज तो जगात कुठेही बसून ऐकता येतो. आपण किती जणांनी ऐकला? मीसुद्धा निवृत्त झाल्यावर ऐकला, हे कबूल करतो.

आता जरा लांब, अमेरिकेत जाऊ. तिथे काळ्या लोकांना गुलाम करून कापसाच्या शेतात राबवत. राबताना ते गात. मालकाला वाटायचं, गातायत म्हणजे सुखात आहेत. स्वतः गुलामीतून पळून सुटलेला फ्रेडरिक डग्लस याने १८४५ साली आपल्या आत्मचरित्रात सांगितलं की ही समजूत साफ चुकीची आहे; गुलाम सर्वांत जास्त दुःखी असतो तेव्हा सर्वांत जास्त गातो. त्यांच्या भजनांत नदी यायची, पलीकडचा काठ यायचा. मालकाला तो स्वर्ग वाटे. गाणाऱ्यांपैकी कित्येकांच्या मनात मात्र गुलामी नसलेला मुलूख असे. एका भजनात तर तलवार आणि ढाल नदीकाठी ठेवून देण्याची गोष्ट आहे, आणि यापुढे युद्धाचे धडे घेणार नाही असा निश्चय आहे. पुढे युद्धाविरुद्धच्या मोर्च्यांत हेच भजन लोक गायले. जात्यावरची बाई आणि कापसातली बाई, दोघींचं एकच. काम दुसऱ्याच्या हुकमाचं, गाणं स्वतःचं.

हे नातं बाबासाहेबांनी ओळखलं होतं. १९४६ साली त्यांनी अमेरिकेतले काळ्यांचे थोर विद्वान डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांना पत्र लिहिलं आणि अस्पृश्यांची व निग्रोंची स्थिती पुष्कळ सारखी आहे असं कळवलं. याच ड्यू बॉइस यांनी १९०३ च्या आपल्या ग्रंथात या दुःखगीतांवर एक सबंध प्रकरण लिहिलं आहे. १९५५ च्या डिसेंबरात माँटगोमेरी गावच्या काळ्या लोकांनी बसवर बहिष्कार टाकला. तो ३८१ दिवस चालला. त्यांच्या सभा भजनांनी सुरू होत. बहिष्कार यशस्वी झाला तो १९५६ च्या डिसेंबरात. त्याच वर्षी १४ ऑक्टोबरला नागपुरात आपण धम्म घेतला होता. दोन टोकांना दोन समाज एकाच वर्षी हातात शस्त्र न घेता उभे राहिले.

आपल्याकडे ही शिकवण आली कुठून? लग्नात आपण जी जयमंगल अष्टगाथा म्हणतो, तिच्याकडे नीट बघा. पोरं-पोरी फुलं टाकण्यात दंग असतात, जेवणाऱ्यांचं लक्ष पंगतीकडे असतं, अर्थाकडे कोणाचंच नसतं. त्यात बुद्धांचे आठ विजय सांगितले आहेत. आळवक यक्षाला क्षमेने आणि संयमाने जिंकलं. माजलेल्या नालागिरी हत्तीला मैत्रीने जिंकलं. भर सभेत खोटा आळ घेणाऱ्या चिंचेला शांतपणाने जिंकलं. आठांपैकी एकाही विजयात बुद्धांच्या हातात तलवार नाही. तलवार उगारलेली आहे ती अंगुलिमालाने. पण दुसरीही गोष्ट लक्षात घ्या. बुद्ध एकदाही वाट सोडून पळालेले नाहीत. हत्ती समोरून येतोय आणि ते उभे आहेत. आपली शांती ही अशी उभी राहिलेली शांती आहे.

महाडला हेच घडलं. २० मार्च १९२७ रोजी चवदार तळ्याचं पाणी घेतल्यावर आपल्या लोकांवर हल्ला झाला. उलटून मारायला तयार असलेली, पलटणीत नोकरी केलेली माणसं सोबत होती. बाबासाहेबांनी त्यांना आवरलं. पण तळं सोडलं का? नाही. खटला चालवला आणि १७ मार्च १९३७ रोजी उच्च न्यायालयात जिंकला. दहा वर्षं लागली!

आपले शाहीरही याच वाटेने गेले. भीमराव कर्डकांच्या जलशांनी ही शिकवण गावोगावी नेली. सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीचे वामनदादा कर्डक मोठेपणी अक्षरं शिकले आणि २००४ साली जाईपर्यंत गात राहिले. त्यांच्या एका फार प्रसिद्ध गीतात तलवार येते. पण ती शेजाऱ्याची मान शोधत नाही. ती बाबासाहेबांच्या मताशी आपण किती खरे राहिलो, हे आपल्यालाच विचारते.

आता तरुण मित्रांनो, थोडं कडू बोलतो, राग मानू नका. १४ एप्रिलला डीजे लागतो. भिंती हादरतात. काही गाणी चांगली असतात. काही गाण्यांत मात्र नुसतं 'आम्ही कोण आहोत ते दाखवू' एवढंच असतं. समोरच्या गल्लीतही तसंच गाणं, फक्त नाव वेगळं. ३० ऑक्टोबर २०२३ रोजी माजलगावात जाळपोळ झाली तो दिवस तुम्ही पाहिला आहे. आग लागायला वेळ लागत नाही, आणि ती लागली की पिकात जाऊन बसायची पाळी कोणत्या माउलीवर येईल, हे सांगता येत नाही. कोणाच्याच मायवर ती येऊ नये.

म्हणून मी गाणं बंद करा म्हणणार नाही. गप्प बसा तर मुळीच म्हणणार नाही; ते फार ऐकलंय. एवढंच म्हणतो, गाणं निवडून घ्या. ज्या गाण्यात अन्यायाचं नाव स्पष्ट घेतलंय आणि तरीही शेजाऱ्याच्या लेकराला भ्यावं लागत नाही, ते गाणं आपलं.

आणि समितीला एक विनंती. वस्तीत जात्यावर गायलेल्या म्हाताऱ्या आता हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या उरल्या आहेत. येत्या वर्षावासात दर रविवारी एकीला विहारात बोलवा. पोरींनी वहीत लिहून घ्यावं, पोरांनी मोबाईलवर मुद्रित करावं. वहीचा आणि पेनाचा खर्च माझ्याकडे लागला. माझी माय गेली तेव्हा तिची एकही ओवी मी लिहून ठेवलेली नव्हती. मास्तर असून! दुसऱ्यांची लेकरं शिकवली आणि घरातला ग्रंथ वाचायचा राहिला. तुमचं तसं होऊ नये.

आपण मला शांतपणे ऐकलंत. ही शांतता मात्र मला आवडली.

नमो बुद्धाय! जयभीम!