नावानं हाक मारणारं वाळवंट



काफिल्याचा मुक्काम पडला की झोपण्याआधी एक काम विसरायचं नाही. उद्या ज्या दिशेला निघायचं, ती दिशा दाखवणारी खूण आजच रोवून ठेवायची. जनावरांच्या गळ्यात घंटा बांधायच्या. चालताना मागं रेंगाळायचं नाही. आणि रात्री कोणी नाव घेऊन हाक मारली, अगदी ओळखीच्या आवाजात मारली, तरी त्या आवाजाच्या रोखानं जायचं नाही. ती हाक सोबत्याची नसते, वाळवंटातल्या भुतांची असते.

एखाद्या अद्भुत कादंबरीतल्या मायावी वाटेचं हे वर्णन वाटेल. पण ही वाट नकाशावर आहे. १२९८च्या सुमारास जिनोव्हाच्या तुरुंगात मार्को पोलोनं आपल्या प्रवासाची हकीकत सांगितली, तेव्हा चीनच्या पश्चिमेकडच्या लोप वाळवंटाबद्दल त्यानं हेच सांगितलं. तिथं दिवसाढवळ्याही भुतांचे आवाज येतात, वाद्यं वाजतात, ढोल घुमतात, असं तो म्हणतो.

हा मुलूख कसा आहे ते आधी पाहू. उत्तरेला तिएनशान, दक्षिणेला कुनलुन, पश्चिमेला पामीर, आणि या पर्वतांच्या मधोमध तकलामकान. आपल्या महाराष्ट्राहून थोडं मोठंच असं हे वाळूचं मैदान. बर्फ वितळून डोंगरातून नद्या उतरतात आणि वाळूत जिरून जातात. जिथं त्या उतरतात तिथं शेती, फळबागा, गावं. म्हणून व्यापारी वाळवंटाच्या कडेकडेनं जात, कोणी उत्तरेच्या वाटेनं, कोणी दक्षिणेच्या. पूर्वेला दुनहुआंगजवळ या वाटा एकत्र येत. रेशीम पश्चिमेला जाई, खोतानचा जेड दगड पूर्वेला येई. दुनहुआंगपासून तकलामकानच्या पूर्व टोकाच्या लोपपर्यंतचा टप्पा मात्र कोणालाच सोपा नव्हता.

चिनी भिक्षू फाहियान इसवी सन ३९९मध्ये भारताकडे निघाला, तो याच टप्प्यातून गेला. आकाशात पक्षी नाही, जमिनीवर जनावर नाही, आणि वाट ओळखायची ती आधी मेलेल्यांच्या हाडांवरून, असं त्यानं लिहून ठेवलं आहे.

पुढं सातव्या शतकात ह्युएनत्संग आला. पुलकेशीच्या काळात महाराष्ट्रात येऊन गेलेला आणि इथले लोक उपकाराला जागतात, अपमान मात्र विसरत नाहीत, असं लिहून गेलेला तोच हा प्रवासी. आपल्याला तो माहीत आहे तो इथल्या माणसांचं वर्णन करणारा म्हणून. पण इथवर पोचण्याआधी तो मरणाच्या दारात जाऊन आला होता. देशाबाहेर जाण्यास बंदी असताना तो चोरून निघाला. सरहद्दीजवळ एका म्हाताऱ्यानं त्याला स्वतःचा घोडा दिला. घोडा थकलेला, हडकुळा. पण वाळवंटापलीकडच्या हामीच्या वाटेवर पंधरा वेळा जाऊन आलेला. वाळवंटात ह्युएनत्संग एकटा पडला. दूरवर त्याला सैन्य दिसलं, उंट, घोडे, निशाणं, आणि जवळ येता येता ते सगळं विरून गेलं. मग पाण्याची पखाल हातातून निसटली. चार रात्री आणि पाच दिवस घशाखाली थेंब नाही. पाचव्या रात्री गार वारा सुटला, तसा घोडा उठला, लगाम न जुमानता भलत्याच दिशेला वळला आणि हिरव्या गवताशी, पाण्याशी जाऊन थांबला. ह्युएनत्संगाचा शिष्य हुइली यानं लिहिलेल्या चरित्रात ही हकीकत आहे. चरित्रकाराला त्यात दैवी कृपा दिसते. मला त्या पंधरा खेपा दिसतात. म्हाताऱ्याच्या त्या घोड्याला पाण्याची जागा ठाऊक होती.

आणि ते आवाज? ते खरेच होते. कोरड्या वाळूची टेकडी उतारावरून घसरू लागली की सारख्या आकाराचे कण एका ठेक्यात एकमेकांवर आदळतात आणि सगळा उतार घुमू लागतो. दुनहुआंगच्या दक्षिणेला असलेल्या टेकड्यांना चिनी लोक गाणाऱ्या वाळूचा डोंगर म्हणतात. राल्फ बॅग्नॉल्ड या इंग्रज लष्करी अभियंत्यानं लिबियाच्या वाळवंटात असा नाद ऐकला होता. शेजारच्या माणसाशी ओरडून बोलावं लागेल इतका तो मोठा होता. वाळू आणि वारा यांच्या भौतिकशास्त्रावर त्यानं १९४१मध्ये लिहिलेला ग्रंथ आजही अभ्यासला जातो.

पण कारण कळलं म्हणून ती भुतं खोटी ठरली, असं मी म्हणणार नाही. तहानेनं व्याकूळ माणूस वाळूच्या घुमण्यात आपलं नाव ऐकतो आणि तिकडं वळतो. आपल्याकडं रात्रीच्या वाटसरूला चकवा लागतो, तो असाच. शंभर पावलं बाजूला गेलं की संपलं. वारा पाऊलखुणा ठेवत नाही. ‘काफिल्यापासून दूर जाऊ नका’ एवढं सांगून नवखं पोर ऐकत नाही. ‘भूत तुझ्या नावानं हाक मारेल’ म्हटलं की ते जन्मभर लक्षात ठेवतं. ही दंतकथा त्या वाटेवरच्या शहाण्या माणसांनी पिढ्यान् पिढ्या सांभाळलेली शिस्त होती.

आता भुतांहून जवळचं एक भय सांगतो. १९०७ साली पुरातत्त्वसंशोधक ऑरेल स्टाइनला दुनहुआंगच्या पश्चिमेला एका पडक्या टेहळणी बुरुजात पत्रांचं एक टपाल सापडलं. समरकंदकडच्या सोग्दियन व्यापाऱ्यांची ती पत्रं, चौथ्या शतकाच्या आरंभीची, कधीच न पोचलेली. त्यांतली दोन मिवनाय नावाच्या एका बाईची आहेत. नवरा तिला आणि मुलीला दुनहुआंगला टाकून निघून गेला होता. तीन वर्षं ती तिथं अडकली. बाहेर पडायची संधी एकदा नव्हे, पाच वेळा आली. पण घेऊन जायला कोणी तयार होईना, कर्ज द्यायलाही कोणी तयार होईना. एका पत्रात ती आईला आपले हाल कळवते. दुसऱ्यात नवऱ्याला सुनावते की तुझी बायको होण्यापेक्षा कुत्र्याची किंवा डुकराची झाले असते तर बरं.

रेशीममार्ग म्हटलं की आपल्यासमोर उंटांची रांग येते, श्रीमंत व्यापारी येतात. त्या रांगेत जागा मिळायला पैसा लागे, ओळख लागे. ज्यांच्याजवळ दोन्ही नाही त्यांना वाळवंट ओलांडता येत नसे. मिवनायनं नवऱ्याला लिहिलेल्या पत्राखाली तिच्या मुलीनं, शाइननं, चार ओळी जोडल्या आहेत. फार्नखुंद नावाचा माणूस देणं बुडवून पळाला, आणि त्याच्या कर्जापायी आम्ही दोघी मायलेकी चिनी लोकांच्या घरी चाकरी करतो आहोत, असं तिनं बापाला कळवलं आहे.