प्रक्रिया हाच बचाव
(नामपूर, ता. बागलाण, जि. नाशिक येथील व्याख्यानाचा मजकूर)

मोसम नदीकाठच्या नामपुरात काय किंवा महाराष्ट्रातील अन्य कोणत्याही बाजारगावात काय, एखाद्या हातभट्टीवाल्यावर वा वाळूतस्करावर स्थानबद्धतेचा हुकूम निघाला की लोकांना हायसे वाटते. पुढे उच्च न्यायालयाने तोच हुकूम रद्द केला की तीच माणसे चिडून म्हणतात, 'तांत्रिक मुद्द्यावर सुटला!' लोकांचा त्रास खरा असतो, म्हणून त्यांचा राग समजण्यासारखा आहे. परंतु 'तांत्रिक' या शब्दात जो तिरस्कार दडलेला असतो, तो लोकशाहीला परवडणारा नाही.

सामान्य फौजदारी खटल्यात आरोप ठेवला जातो, साक्षीदार समोर येतो, वकील त्याची उलटतपासणी घेतो आणि गुन्हा शाबित झाल्यावरच शिक्षा होते. प्रतिबंधात्मक स्थानबद्धतेत यांपैकी काहीच नसते. हा मनुष्य पुढे काही करील, अशी जिल्हाधिकाऱ्याची किंवा पोलीस आयुक्ताची खात्री झाली की पुरे. 'एमपीडीए' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या महाराष्ट्राच्या १९८१ च्या कायद्याखाली माणसाला अशा खात्रीवर बारा महिन्यांपर्यंत तुरुंगात ठेवता येते. पुष्कळदा हुकुमाचा आधार 'अ' आणि 'ब' अशा निनावी साक्षीदारांचे गोपनीय जबाब असतात. न्यायालयही त्या मनुष्याने ते कृत्य खरोखर केले काय, याच्या खोलात सहसा जात नाही. कायद्याने आखलेल्या वाटेने सरकार चालले काय, एवढेच ते पाहते. बचावाची बाकी सर्व दारे बंद केल्यावर प्रक्रिया हे एकच दार उरते. त्याला 'तांत्रिक' म्हणणे म्हणजे तेही बंद करण्याची मागणी करणे होय.

राज्यघटनेच्या बाविसाव्या अनुच्छेदाने सरकारवर दोन कर्तव्ये टाकली आहेत : स्थानबद्धाला कारणे कळवणे आणि हुकुमाविरुद्ध अभिवेदन करण्याची लवकरात लवकर संधी देणे. एमपीडीएप्रमाणे कारणे पाच दिवसांत कळवावी लागतात. तीन आठवड्यांत प्रकरण सल्लागार मंडळापुढे ठेवावे लागते, आणि स्थानबद्धतेपासून सात आठवड्यांत मंडळाने अहवाल द्यावयाचा असतो.

'कळवणे' म्हणजे काय, याचा उलगडा महाराष्ट्रातीलच एका खटल्याने केला. १९६१ साली नागपूरच्या जिल्हा दंडाधिकाऱ्यांनी हरिकिसन नावाच्या माणसाला स्थानबद्ध केले. कारणांचा चौदा पानी कागद इंग्रजीत होता. त्याने हिंदी प्रत मागितली, ती नाकारण्यात आली. पोलीस अधिकाऱ्याने तोंडी समजावून सांगितले, तेवढे पुरे, असा सरकारचा दावा होता. सर्वोच्च न्यायालयाने १९६२ साली तो फेटाळला आणि हरिकिसनची मुक्तता केली. जो कागद वाचता येत नाही, त्याला उत्तर कसे देणार? बागलाणच्या ज्या शेतमजुराचा व्यवहार अहिराणीत आणि मराठीत चालतो, त्याच्यासाठी हा निकाल पाठ्यपुस्तकातला धडा नसून त्याच्या स्वातंत्र्याची अट आहे.

दुसरा प्रश्न काळाचा. तुरुंगातून निघालेले अभिवेदन टेबलाटेबलांवर पडून राहिले, तर संधी दिली असे म्हणता येत नाही. केरळमधील एका प्रकरणात तुरुंगाने अभिवेदन साध्या टपालाने पाठवले आणि ते मुक्कामी पोहोचलेच नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०२४ साली तो स्थानबद्धतेचा हुकूम रद्द केला. तथापि न्यायालयांनी स्वतःकडेही पाहिले पाहिजे. बारा महिन्यांच्या हुकुमाविरुद्धची याचिका दहाव्या महिन्यात निकाली निघाली, तर अर्जदार जिंकूनही हरलेला असतो. नामपूरच्या कुटुंबाला त्यासाठी मुंबई गाठावी लागते. खर्च आणि खेटे त्याच्याच वाट्याला येतात.

'सज्जनाला कशाची भीती?' असे विचारणाऱ्यांनी आणीबाणी आठवावी. 'मिसा'खाली मधु दंडवते यांच्यासारखे समाजवादी नेते तुरुंगात होते. अध्यादेशाने त्या कायद्यात कलम घालून कारणे कळवण्याचे बंधनच काढून टाकले गेले. नऊ उच्च न्यायालयांनी स्थानबद्धांची दाद ऐकण्यायोग्य मानली होती. २८ एप्रिल १९७६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक अशा बहुमताने ते दार लावून घेतले. एकटे न्यायमूर्ती हंसराज खन्ना विरोधात उभे राहिले. तो निकाल चुकीचा होता, हे त्याच न्यायालयाने स्पष्टपणे म्हणायला २०१७ साल उजाडले. हातभट्टीवाल्यासाठी घासून धार लावलेले शस्त्र मोर्चेकऱ्यावर चालत नाही, असा भ्रम निदान समाजवाद्यांनी तरी बाळगू नये.

जनता राजवटीने यातून धडा घेतला होता. १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने सल्लागार मंडळाच्या मताशिवाय स्थानबद्ध ठेवण्याची मुदत तीन महिन्यांवरून दोन महिन्यांवर आणली आणि मंडळाचे अध्यक्षपद उच्च न्यायालयाच्या विद्यमान न्यायमूर्तीकडे सोपवले. संसदेने मंजूर केलेली ही तरतूद अंमलात आणणारी अधिसूचना मात्र त्यानंतर आलेल्या एकाही सरकारने काढली नाही. मंडळापुढे वकील देण्याचा हक्कही स्थानबद्धाला नाही; १९८१ च्या ए. के. रॉय खटल्यात न्यायालयाने मित्राची मदत घेण्यास मुभा दिली, आणि सरकार वकील आणणार असेल तरच स्थानबद्धालाही वकील मिळावा, असे सांगितले.

म्हणून मागण्या साध्या आहेत. चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीचे ते कलम अंमलात आणावे. मंडळापुढे वकील मिळावा, आणि गरिबाला तो सरकारी खर्चाने मिळावा. कारणे त्याच्या भाषेत, कागदपत्रांसह हाती पडावीत. बंदीप्रत्यक्षीकरणाच्या याचिकांचा निकाल ठरावीक आठवड्यांत लागावा. आणि वाळूचोर वा दारूवाला गुन्हेगार असेल, तर त्याच्यावर उघड न्यायालयात खटला भरावा. पुरावा गोळा करण्याचे कष्ट पोलिसांनी घ्यावेत. त्या कष्टांतून सुटण्यासाठी जे राज्य माणसाला खटल्यावाचून कोंडते, त्याने निदान स्वतःचे नियम तरी पाळलेच पाहिजेत.