पाटी पुसण्यापूर्वी

(संस्थेच्या वार्षिक विद्यार्थी मेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



दरवर्षी या व्यासपीठावरून शिक्षण, नोकरी, स्पर्धा परीक्षा अशा विषयांवर विद्वान मंडळी बोलतात. आम्ही विद्वान नाही. आज आम्ही एका खेळण्याविषयी बोलणार आहोत. वडीलधाऱ्या मंडळींना हा विषय पोरकट वाटेल, याची आम्हास जाणीव आहे. परंतु आपल्या अभ्यासिकेत बसणारी मुले निकाल लागला की एकच प्रश्न घेऊन येतात. "दादा, आजवरचं सगळं पुसून नव्याने सुरुवात करू का?" या प्रश्नाचे उत्तर आम्ही कोणत्याही ग्रंथातून शिकलो नाही. ते आम्ही हातात मावणाऱ्या एका यंत्रावर शिकलो, आणि तेही एक अपराध करून शिकलो. म्हणून ही हकीकत.

गेम बॉय नावाचे यंत्र जपानच्या निन्टेन्डो कंपनीने १९८९ साली बाजारात आणले. करड्या रंगाचे, चार पेन्सिल सेलवर चालणारे, छोट्या पडद्याचे. मागच्या खाचेत खेळाची कॅसेट बसवायची आणि बटण दाबायचे. त्याच्यासोबत गाजलेला टेट्रिस हा खेळ यंत्र बंद केले की सारे विसरत असे. कितीही गुण मिळवा, दुसऱ्या दिवशी पुन्हा शून्य. 

लांबलचक कथेच्या खेळाला मात्र हे विसरणे परवडत नाही. जपानमध्ये १९८६ साली ड्रॅगन क्वेस्ट नावाचा खेळ आला, तेव्हा त्यात वीस अक्षरांचा परवलीचा मंत्र दिला जाई. मुलांनी तो वहीत उतरवून घ्यायचा आणि पुढच्या वेळी जसाच्या तसा भरायचा. एक अक्षर चुकले की सारी मेहनत पाण्यात. त्याच खेळाच्या १९८८ च्या तिसऱ्या भागात कॅसेटच्या पोटातच बटणाएवढा सेल आला. यंत्र बंद असतानाही तो सेल स्मरणशक्तीच्या चकतीला थेंबथेंब वीज पुरवतो आणि खेळ जिथे थांबला तिथे राखून ठेवतो. याला मुले 'सेव्ह करणे' म्हणतात.

१९९६ साली सातोशी ताजिरी यांच्या कल्पनेतून जपानमध्ये पोकेमॉन हा खेळ आला. लहानपणी त्यांना किडे गोळा करण्याचा नाद होता, त्यातून हा खेळ सुचला. गावोगाव हिंडायचे, विचित्र प्राणी पकडायचे, त्यांना वाढवायचे, आठ ठिकाणच्या प्रमुखांना हरवून आठ बॅज मिळवायचे. प्रारंभी तीन प्राण्यांतून एकाची निवड करायची. ती निवड पुन्हा बदलता येत नाही. पुढेही अशा जागा येतात. दोन जीवाश्मांपैकी एकच घेता येतो. एक प्राणी असा की त्याला तीन वाटांपैकी एकाच वाटेने मोठे करता येते. आणि महत्त्वाची गोष्ट अशी की, एका कॅसेटमध्ये एकाच खेळाडूची जागा. दुसऱ्याला खेळायचे असेल, अथवा त्यालाच प्रारंभीची निवड बदलायची असेल, तर पहिला खेळ पुसल्याशिवाय गत्यंतर नाही.

आमचे मामा जहाजावर नोकरीला होते. २००२ साली ते घरी आले तेव्हा कुठल्याशा परदेशी बंदरावर जुन्या बाजारातून घेतलेला एक गेम बॉय आणि पोकेमॉनची लाल कॅसेट घेऊन आले. आम्ही तेव्हा नववीत होतो, धाकटा भाऊ पाचवीत. यंत्र सुरू केले तर आत आधीच कुणाचा तरी खेळ होता. पडद्यावर खेळाडूचे नाव, मिळवलेले बॅज, पकडलेल्या प्राण्यांची संख्या आणि खेळलेला वेळ असे चार आकडे येतात. तो कोण मुलगा, कुठल्या देशाचा, आम्हास काहीच ठाऊक नव्हते. पण त्याचे चार बॅज झाले होते आणि एकतीस तास त्याने त्यात घातले होते.

आम्ही म्हणालो, "पुसून टाक." धाकटा म्हणाला, "थांब दादा." त्याने गणिताच्या वहीच्या मागच्या पानावर त्या मुलाचे नाव लिहिले, चार बॅज लिहिले, एकतीस तास लिहिले. मग म्हणाला, "आता पुस." आम्ही हसलो. त्या हसण्याची लाज आजही वाटते.

त्यानंतर खेळ धाकट्याच्या नावाने सुरू झाला. त्याने स्क्वर्टल नावाचे छोटे कासव निवडले आणि त्याचे नाव 'मोत्या' ठेवले. वसाहतीतला मोत्या कुत्रा त्याच वर्षी गाडीखाली आला होता. रोज शाळा सुटल्यावर, अभ्यास झाल्यावर, आईने दिलेल्या अर्ध्या तासात तो खेळायचा. सेल महाग, म्हणून अर्ध्या तासाच्या वर परवानगी नव्हती. कुठल्या गुहेत कोणती वाट, कुठल्या गावी कोण भेटते, हे सारे तो त्याच वहीत लिहून ठेवी. सात महिन्यांत सहा बॅज झाले. छत्तिसाव्या पातळीला मोत्याचे मोठे ब्लास्टॉइज झाले, तेव्हा त्याने आईला स्वयंपाकघरातून बाहेर बोलावून दाखवले.

मे महिन्यात तो आजोळी गेला. यंत्र घरी राहिले. आमची दहावीची तयारी सुरू होती, डोके तापलेले होते. एका दुपारी आम्ही ते सुरू केले आणि 'नवा खेळ' निवडला.

येथे, विद्यार्थी मित्रहो, त्या यंत्राची एक रीत सांगितली पाहिजे. नवा खेळ निवडल्याने जुना पुसला जात नाही. तो तसाच आत राहतो. तुम्ही दोन तास नवे खेळा, चार तास खेळा, आणि बटण बंद करा. दुसऱ्या दिवशी जुना खेळ जसाच्या तसा हजर. पुसला जातो तो तुम्ही नवा खेळ प्रथम सेव्ह कराल तेव्हा. त्या वेळी यंत्र विचारते की, जुनी नोंद नष्ट होईल, चालेल काय? खाली दोन उत्तरे असतात. होय आणि नाही.

तो प्रश्न आम्ही वाचला. इंग्रजी होता, पण नववी पास झालेल्यास समजेल असा होता. तीन तास खेळून झाले होते, ते वाया जाऊ नयेत असे वाटले. आमचे तीन तास एका बाजूला आणि धाकट्याचे सात महिने दुसऱ्या बाजूला. आम्ही 'होय' दाबले.

जूनमध्ये तो परतला. चप्पल काढण्यापूर्वी यंत्र हातात घेतले. पडद्यावर आमचे नाव, एक बॅज. आम्ही म्हणालो, "चुकून झालं रे." तो बराच वेळ पडद्याकडे बघत राहिला. मग म्हणाला, "दादा, ते विचारतं. विचारल्याशिवाय पुसत नाही."

तो रडला असता तर आम्ही समजूत घातली असती. मारले असते तर आम्ही मार खाल्ला असता. त्याने यापैकी काहीच केले नाही. चार दिवस यंत्राला हात लावला नाही आणि आमच्याशी बोललाही नाही. पाचव्या दिवशी आम्हीच यंत्र त्याच्यासमोर ठेवले आणि आमचा खेळ पुसून टाक म्हणून सांगितले. त्याने आधी वही काढली. आमचे नाव लिहिले, एक बॅज लिहिला, तास लिहिले. मग पुसले.

त्याने पुन्हा तेच कासव निवडले. आम्ही म्हणालो, "मोत्या नाव ठेव." तो म्हणाला, "मोत्या गेला. हा दुसरा आहे." त्याचे नाव त्याने वेगळे ठेवले. आणि बंधूंनो, सात महिन्यांत जेथवर पोचला होता, तेथवर तो या खेपेस तीन महिन्यांच्या आत पोचला. वाटा ठाऊक होत्या, वही जवळ होती. यंत्रातले सारे गेले होते, परंतु हातातले आणि वहीतले काहीच गेले नव्हते.

या अनुभवातून आम्ही जे शिकलो, ते आज तुमच्यासमोर ठेवतो.

पहिली गोष्ट, जे पुसायचे ते कुणाचे आहे? नव्याने सुरुवात करण्याचा हक्क प्रत्येकास आहे. परंतु तो आपल्या पाटीपुरता. शिकणे सोडून नवा धंदा सुरू करतो असे म्हणणाऱ्या मुलाने हेही पाहावे की, त्या पाटीवर आईच्या धुण्याभांड्यांची आणि बहिणीच्या थांबलेल्या शिक्षणाची अक्षरे आहेत. त्याने सोडू नये असे आमचे म्हणणे नाही. त्यांना विचारल्याविना सोडू नये, एवढेच म्हणणे आहे.

दुसरी गोष्ट, पुसण्यापूर्वी नोंद करा. आपल्या अभ्यासिकेत एका मुलाने सलग दुसऱ्यांदा अपयश आल्यावर सगळ्या टिपणवह्या रद्दीत घातल्या. त्याला वाटले, ओझे उतरले. तिसऱ्या वर्षी त्याच चुका पहिल्यापासून करत बसला. कारण आपण कुठे चुकलो, हे सांगणारा एकमेव साक्षीदार त्याने किलोच्या भावाने विकला होता.

तिसरी गोष्ट, जुने सोबत नेता येते, पण त्याचा अधिकार नव्याने मिळवावा लागतो. त्या खेळात एक युक्ती होती. मित्राजवळ दुसरे यंत्र आणि दुसरी कॅसेट असेल, तर मधे तार जोडून आपला लाडका प्राणी त्याच्याकडे ठेवायला द्यायचा, आपला खेळ पुसायचा, नवा सुरू करायचा आणि मग तो परत घ्यायचा. ठेव सुखरूप परत येते. मात्र नवा खेळ त्या प्राण्याला परका समजतो. दुसरा बॅज मिळेपर्यंत दहाव्या पातळीच्या वरचा परका प्राणी तुमचे ऐकेलच असे नाही. ऐन सामन्यात तोंड फिरवून बसतो. मागच्या परीक्षेतले गुण, मागच्या नोकरीतला मान यांचेही असेच आहे. ते उपयोगी पडतात, पण नव्या जागी पुन्हा कमवावे लागतात. याचे वाईट वाटून घेऊ नका.

चौथी गोष्ट वडीलधाऱ्यांसाठी. एका कॅसेटमध्ये एकच जागा होती, म्हणून दोन भावांत हे घडले. निन्टेन्डोच्या २०१७ साली आलेल्या स्विच या यंत्रावर प्रत्येक खेळाडूचे वेगळे खाते काढता येते आणि त्याचा खेळ त्याच्या खात्यात राहतो. यंत्र बनवणाऱ्यांना जे सुचले, ते आपल्या घरांना सुचावे. घरातली एक खुर्ची, एक दिवा, एक तास धाकट्याच्या नावाने राखून ठेवा. थोरल्याची परीक्षा आहे म्हणून धाकटीचे पुसू नका.

आता हकिकतीचा शेवट. २०१५ साली घर बदलताना ट्रंकेत ते यंत्र सापडले. नवे सेल घातले, यंत्र सुरू झाले, पण आत कुणाचाच खेळ नव्हता. कॅसेटच्या पोटातला तो बटणाएवढा सेल संपला होता. चकतीला वीज मिळाली नाही, आणि धाकट्याचे आठही बॅज कुणीही 'होय' न दाबता निघून गेले. आम्हास वाईट वाटले. धाकटा, जो आता स्वतः दोन मुलांचा बाप आहे, म्हणाला, "हे कुणी पुसलं नाही, दादा. हे चालतं." त्या 'हे' शब्दावर त्याने दिलेला जोर आम्हास कळला.

ट्रंकेतच गणिताची वही होती. मागच्या पानावर त्या परदेशी मुलाचे नाव, त्याखाली आमचे, आणि मधे रिकामी ओळ. आम्ही विचारले, "इथे तुझे सात महिने का नाही लिहिलेस?" तो म्हणाला, "मला लिहायला मिळालंच कुठे? तू आधीच पुसलं होतंस." त्या वर्षीची क्षमा आम्ही त्या दिवशी मागितली. बारा वर्षे 'चुकून झालं' या खोट्या शब्दावर आम्ही निभावून नेले होते. क्षमा मागायला यंत्र लागत नाही, सेल लागत नाही. तरी आम्हास बारा वर्षे लागली.

विद्यार्थी मित्रहो, पाटी जरूर पुसा. आपल्या समाजाची कित्येक घरे कोऱ्या पाटीवर पहिले अक्षर काढूनच इथवर आली आहेत. परंतु पुसण्यापूर्वी क्षणभर थांबा. आयुष्यसुद्धा बहुतेक वेळा आधी विचारते. तो प्रश्न नीट वाचा, पाटीवर कुणाकुणाची अक्षरे आहेत ते पाहा, कामाचे ते वहीत उतरवा, आणि मगच 'होय' म्हणा.