तपास कोणी करावा?

शहराचे नाव १९९६ साली चेन्नई झाले; उच्च न्यायालय मात्र आजही मद्रास उच्च न्यायालय याच नावाने ओळखले जाते. या न्यायालयापुढे वारंवार येणारी एक मागणी अशी, की अमुक गुन्ह्याचा तपास राज्याच्या पोलिसांकडून काढून केंद्रीय अन्वेषण विभागाकडे, म्हणजेच सी. बी. आय.कडे सोपवावा. पोलिसांवरचा विश्वास उडाला आहे, हे त्या मागणीचे मूळ. पण अविश्वास बोलून दाखविणे निराळे आणि त्याला आधार दाखविणे निराळे.

सी. बी. आय.ला आपले अधिकार दिल्ली विशेष पोलीस आस्थापना अधिनियम, १९४६ यातून मिळतात. त्यातील कलम ६ अन्वये एखाद्या राज्यात तपास करावयाचा तर त्या राज्य शासनाची संमती लागते. तामिळनाडूने आपली सर्वसाधारण संमती जून २०२३ मध्ये काढून घेतली. हे बंधन न्यायालयावर मात्र नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने फेब्रुवारी २०१० मध्ये, पश्चिम बंगालमधून आलेल्या एका प्रकरणात, उच्च न्यायालयाचा हा अधिकार मान्य केला. मात्र केवळ पक्षकाराने स्थानिक पोलिसांवर आरोप केले म्हणून तो वापरू नये. अपवादात्मक प्रसंगी आणि सावधपणेच वापरावा, असेही त्याच निर्णयात बजावले आहे.

हा प्रसंग अपवादात्मक केव्हा ठरतो? जून २०२४ मध्ये कळ्ळक्कुरिची गावातील करुणापुरम वस्तीत मिथेनॉलमिश्रित दारू पिऊन ६० हून अधिक माणसे दगावली. त्यांत मोलमजुरी करणारे पुष्कळ होते. मुंबईतील मालवणीची २०१५ सालची दुर्घटना ज्यांना आठवते, त्यांना हे चित्र नवे वाटणार नाही. शासनाने तपास राज्याच्याच गुन्हे अन्वेषण शाखेकडे दिला आणि काही पोलीस अधिकाऱ्यांना निलंबित केले. याचिका आल्या त्या मुख्यतः विरोधी पक्षीयांकडून. त्यांमागे राजकारण नव्हते असे कोण म्हणेल? तरीही प्रश्न उरतोच. भरवस्तीत इतकी दारू विकली जाते, हे पोलिसांना ठाऊक नसेल काय? आणि ठाऊक असेल, तर त्याच राज्याच्या पोलिसांनी आपल्याच सहकाऱ्यांची चौकशी करावी काय? २० नोव्हेंबर २०२४ रोजी उच्च न्यायालयाने तपास सी. बी. आय.कडे सोपविला. निलंबन मागे घेतले गेल्याची गोष्टही न्यायालयाच्या नजरेतून सुटली नाही. पुढल्याच महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने या आदेशात हस्तक्षेप करण्यास नकार दिला.

यंत्रणा बदलली की गुन्हा उलगडतो, असे मात्र नाही. मार्च २०१२ मध्ये तिरुचिरापल्लीत रामजयम यांचा खून झाला. तपास स्थानिक पोलिसांकडून राज्याच्या गुन्हे अन्वेषण शाखेकडे आणि २०१७ साली न्यायालयाच्या आदेशाने सी. बी. आय.कडे गेला. त्यानंतर कुटुंबीय पुन्हा न्यायालयात आले, ते सी. बी. आय.कडूनही तपास काढून घ्यावा म्हणून. फेब्रुवारी २०२२ मध्ये विशेष तपास पथक नेमले गेले. तोवर खुनाला जवळजवळ दहा वर्षे लोटली होती.