बाकी कोणाच्या पदरात?

(फैजपूर येथील शेतकरी व कारागीर मंडळींपुढे केलेले भाषण)



१९३६ च्या डिसेंबरात याच फैजपुरास काँग्रेसचे अधिवेशन भरले. खेड्यात भरलेले ते पहिलेच. शेतसारा व कर्ज यांचा खल तेथे झाला. त्याच्याही आधी, १८८२ साली, जोतीराव फुल्यांनी हंटर कमिशनपुढे निवेदन करून गावच्या शाळेत वाचन-लेखनाबरोबर हिशेबही शिकवावा, असे मागितले होते. आज त्या हिशेबातील एकच गोष्ट आम्ही आपणापुढे मांडतो. ती म्हणजे भागाकाराची बाकी.

आमची मुले भाग बिनचूक लावतात; पण उरलेल्या बाकीचे काय करावे, असे विचारले की गप्प होतात. याचे उत्तर पाढ्यात नाही, व्यवहारात आहे.

एक एकर म्हणजे ४३,५६० चौरस फूट. केळीच्या एका खोडास पाच फूट बाय पाच फूट, म्हणजे २५ चौरस फूट जागा. भाग १,७४२, बाकी १०. दहा चौरस फुटांत खोड बसत नाही. म्हणून बाकी सोडावी. बांध व पाट वजा जाता खोडे आणखी कमीच बसतील.

आता १३० घड न्यायचे आहेत, एका गाडीत ४० मावतात. भाग ३, बाकी १०. येथे बाकी सोडाल तर दहा घड मळ्यातच पिकून जातील! गाड्या चार हव्यात.

सुतारदादांस विचारा. चौदा फुटांच्या दोन फळ्या. चार चार फुटांचे तुकडे किती? अठ्ठावीस फुटांस चाराने भागून सात म्हणाल, तर फसाल. एका फळीचे तीनच तुकडे होतात, दोन फूट उरतात. दोन फळ्यांचे सहा. उरलेले तुकडे एकमेकांस जोडले जात नाहीत.

सोमवारी घेतलेले उसने शंभराव्या दिवसानंतर, म्हणजे पुरे १०० दिवस लोटल्यावर, फेडायचे, वार कोणता? सातांनी भागा. भाग १४, बाकी २. येथे बाकी हेच उत्तर: बुधवार.

आता मुख्य गोष्ट. सात मजुरांनी १,५०० रुपयांस उक्ते काम घेतले. प्रत्येकास २१४, बाकी २. दोन रुपयांसाठी कोण तोंड उघडणार? ते मुकादमाच्या खिशात राहतात. अशी पन्नास कामे झाली की शंभर रुपये होतात. ते वाटले तर प्रत्येकास आणखी १४ येतात! म्हणून बाकी वहीत लिहून पुढील कामात मिळवावी. ती घामाची आहे, कोणाची बक्षिसी नव्हे.

पडताळाही सोपा आहे. भागाकारास भाजकाने गुणून बाकी मिळवा. मूळ आकडा आलाच पाहिजे. आणि बाकी भाजकाहून लहान असलीच पाहिजे.

तेव्हा मायबापहो, आज रात्री चुलीपुढे मुलास आणि मुलीसही घरचाच एक हिशेब घाला. उत्तर आले की एवढेच विचारा: बाळ, बाकी किती, आणि ती कोणाची?