पहिला कोण आला?



विश्वकोशासाठी लिहिलेला लेख दुसऱ्या कुणीतरी तपासायचा असतो. काम तसं कोरडं. सनावळ्या पडताळा, संदर्भ उघडून पाहा, विशेषणांना कात्री लावा. असाच एक लेख मध्यंतरी माझ्याकडे तपासायला आला. विषय होता १९५९ सालची पहिली ‘डेटोना ५००’, म्हणजे अमेरिकेतल्या फ्लोरिडा राज्यात झालेली मोटारींची शर्यत. लेखाच्या कडेला माहितीची चौकट असते ना, तिच्यात लिहिलं होतं, ‘विजेता : ली पेटी’. माहिती अगदी बरोबर होती, पण मी तिथंच अडले.

कारण २२ फेब्रुवारी १९५९ च्या त्या रविवारी विजेत्याच्या जागी नेऊन उभं केलं होतं ते जॉनी बोशॅम्पला. टाळ्या त्याला, छायाचित्रं त्याची. ली पेटी म्हणत होता, मीच जिंकलो. निकाल फिरला तो बुधवारी, ६१ तासांनी. हा सगळा प्रकार लेखात नव्हता असं नाही. शेवटून दुसऱ्या परिच्छेदात तो एका वाक्यात उरकला होता : ‘प्रारंभी बोशॅम्प यांना विजयी घोषित करण्यात आले, परंतु नंतर निर्णय बदलण्यात आला.’ मी समासात लिहिलं, कोणी घोषित केलं? कोणी बदलला? कशाच्या आधारावर?

या तीन प्रश्नांची उत्तरं म्हणजेच ती शर्यत, असं माझं मत आहे.

थोडी पार्श्वभूमी सांगते. ही शर्यत स्टॉक कारची. स्टॉक कार म्हणजे कारखान्यातून दुकानात विकायला येते तशी गाडी. आज हे नाव नुसतं नावापुरतं उरलंय, पण त्या काळी ते बरंचसं खरं होतं. पेटीची ओल्ड्समोबील, बोशॅम्पची फोर्ड थंडरबर्ड. प्रेक्षकाच्या शेजाऱ्याच्या दारात उभी असेल अशीच गाडी शर्यतीत धावताना दिसायची. डेटोनाला या शर्यती १९५८ पर्यंत समुद्रकिनारी व्हायच्या, अर्धी वाट वाळूतून आणि अर्धी डांबरी रस्त्यावरून. मग बिल फ्रान्स नावाच्या माणसानं तिथं अडीच मैलांचा पक्का धावमार्ग बांधला. वळणांवर त्याचा उतार ३१ अंशांचा, म्हणजे उभं राहायलासुद्धा जड. एवढा चढ उभारायला माती लागली ती मैदानाच्या मधूनच उपसली, आणि त्या खड्ड्याचं तळं झालं. ते आजही तिथं आहे. लेखकानं या तळ्याला अर्धी ओळ दिली होती. मी म्हटलं, विशेषणं काढून जी जागा रिकामी होईल ती या तळ्याला द्या.

पहिल्या शर्यतीत ५९ गाड्या सुटल्या. २०० फेऱ्या, ५०० मैल. वाटेत एकदाही वेग कमी करायला सांगणारा पिवळा झेंडा दाखवावा लागला नाही, त्यामुळे विजेत्याचा सरासरी वेग ताशी १३५ मैलांवर गेला. आणि शेवटी एकाच वेळी तीन गाड्या रेषेवर आल्या. यातली तिसरी, जो वेदर्ली याची गाडी, एक फेरी मागे होती. पहिल्या नंबराशी तिचा काही संबंध नव्हता, पण ती या दोघांच्या जोडीनंच धावत होती आणि पाहणाऱ्याची नजर ठरेना. रेषेवर निकालासाठी लावलेला कॅमेराच नव्हता. आपल्याकडे बैलगाड्यांच्या शर्यतीत दोन गाडे बरोबर पोचले की निशाणाशी जी हमरीतुमरी होते, तशीच ही, फक्त गाड्या ताशी सव्वाशे मैलांच्या वरच्या.

आता माझा पहिला प्रश्न, घोषित कोणी केलं? बिल फ्रान्सनं. धावमार्ग त्याचा, शर्यत त्याची, आणि नॅसकार ही नियम करणारी संस्थाही त्यानंच उभी केलेली. निकाल देणारा तोच आणि फिरवणाराही तोच. लेखातल्या ‘करण्यात आले’ या कर्मणी प्रयोगात हा माणूस अलगद दिसेनासा झाला होता. फिरवला कशावर? वार्ताहरांनी काढलेली छायाचित्रं आणि वृत्तपटाची फीत मागवून, त्यावर. त्यात पेटीची गाडी पुढे दिसली, जेमतेम दोन फुटांनी.

यावर लेखकानं आणखी एक वाक्य घातलं होतं, की प्रसिद्धी मिळावी म्हणून फ्रान्सनं निकाल मुद्दाम लांबवला ‘असे म्हटले जाते’. शंका मजेदार आहे, आणि शर्यतीचं नाव तीन दिवस वर्तमानपत्रांत गाजत राहिलं हेही खरं. पण म्हणतं कोण? ज्यानं छापलं त्याचं नाव द्या, नाहीतर वाक्य काढा. वाईच्या मराठी विश्वकोशात नोंदीखाली लिहिणाऱ्याचं नाव असतं, चुकलं तर कुणाला विचारायचं ते कळतं. खुल्या ज्ञानकोशात लेखाखाली सही नसते. तिथं तळटीप हीच सही.

लेखक तरुण होता आणि शर्यतींचा वेडा. त्यानं चिकाटीनं भांडण केलं. मला ते आवडलं. ‘थरारक’, ‘अविस्मरणीय’, ‘ऐतिहासिक’ अशी सगळी आरास त्यानं उतरवली. एक गोष्ट मात्र त्याला सोडवेना. त्याच वर्षी १४ जूनला अटलांटाजवळच्या लेकवुड धावमार्गावर ली पेटीचा मुलगा रिचर्ड पहिला आल्याचं जाहीर झालं. आयुष्यातला पहिलाच विजय. आणि तक्रार कोणी करावी? दुसऱ्या आलेल्या बापानं. त्या काळी फेऱ्या माणसं कागदावर मोजायची. पुन्हा मोजणी झाली, लीचं म्हणणं बरोबर निघालं आणि पहिला नंबर पोराकडून बापाकडे आला. रिचर्डनं पुढे २०० शर्यती जिंकल्या, त्यांत ही नाही.

गोष्ट झकासच आहे. तरी मी ती काढायला लावली. डेटोनाच्या त्या दिवसाशी तिचा संबंध नाही, ती रिचर्डच्या चरित्रात शोभेल. तुम्हाला सांगितली, कारण हे काही विश्वकोशाचं पान नाही.

उलट, जी गोष्ट हवी होती तीच लेखात नव्हती. दोन वर्षांनी, १९६१ मध्ये, त्याच डेटोनाला पात्रता शर्यतीत पेटी आणि बोशॅम्प यांच्या गाड्या एकमेकींत अडकल्या आणि कठडा तोडून बाहेर गेल्या. दोघं वाचले, पण पेटी कित्येक महिने रुग्णालयात होता आणि त्यानंतर तो फारसा शर्यतीत उतरला नाही. शर्यतीनंतरचं म्हणून एवढं एक वाक्य हवं, असा मी आग्रह धरला.

चौकटीचा प्रश्न राहिला. तिच्यात दोन नावं मावत नाहीत, आणि विजेता पेटीच आहे, त्यामुळे तिथं हात लावायचं कारण नव्हतं. आम्ही लेखाचा पहिला परिच्छेद बदलला. आता तो रविवारी सुरू होतो आणि बुधवारी संपतो, आणि बोशॅम्पचं नाव त्यात पेटीच्या आधी येतं. त्यानंतर मी लेख मंजूर केला.