घाट, माती आणि कॅमेरा
(माजी विद्यार्थी स्नेहमेळाव्यातील मनोगत)



भूगोलाच्या तासाला खिडकीतून यात्रेचा घाट बघत बसणारा मुलगा तो मीच. बाईंनी त्यासाठी मला कितीदा तरी बाकावर उभं केलं. आज त्याच घाटावरच्या माहितीपटाबद्दल बोलायला शाळेनं बोलावलं, याची मोठी गंमत वाटते.

आपल्या खेड, आंबेगाव, जुन्नर भागात बैलगाडा म्हणजे काय, हे सांगायला नको. शहरात मात्र सांगावं लागतं. मातीचा चढ, पुढे पळणारी घोडी, मागे बैल, ‘भिर्रर्र’ची आरोळी, भंडाऱ्याची उधळण. बारी काही सेकंदांत संपते. पण तिच्यामागे घरादाराचं वर्षभराचं राबणं असतं.

मी चित्रीकरण सुरू केलं तेव्हा घाट ओस होता. ७ मे २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयानं शर्यतींवर बंदी आणली होती. २०१७ साली राज्यानं कायदा केला, तरी शर्यती लगेच सुरू झाल्या नाहीत. १६ डिसेंबर २०२१ रोजी परवानगी मिळाली आणि १८ मे २०२३ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठानं तो कायदा वैध ठरवला. मधल्या वर्षांत मी रिकाम्या दावणी टिपल्या. आमच्या तात्यांनी, म्हणजे माझ्या चुलत्यांनी, खिल्लार खोंड विकला, त्या दिवशी घरात चूल पेटली नव्हती.

शर्यती सुरू झाल्या. तात्यांनी नवी जोडी घेतली. पहिल्याच यात्रेत, गाडा सुटण्याआधी, आमच्याच माणसानं बैलाची शेपटी चावली. कॅमेरा चालू होता.

तात्या म्हणाले, “तेवढं काढून टाक. पुन्हा बंदी आणायची का तुला?”

त्यांचं भय खोटं नव्हतं. बंदी आली ती अशाच क्रूरतेच्या तक्रारींवरून. आणि बैलाआधी स्वतः न जेवणारा हा माणूस क्रूर नव्हता, हेही मला ठाऊक होतं. आठ दिवस मी संकलन थांबवलं. मग आपले विज्ञानाचे सर आठवले. पुस्तकातलं उत्तर बघून प्रयोगवहीत आकडा लिहिला, की सर पान फाडायचे. “जे दिसलं ते लिही,” म्हणायचे.

मी ते दृश्य ठेवलं. त्याच रात्री कंदिलाच्या उजेडात बैलाला मालिश करणारे तात्याही ठेवले. दोन्ही खरं होतं.

तात्या वर्षभर माझ्याशी बोलले नाहीत. गेल्या यात्रेच्या आदल्या दिवशी त्यांचा फोन आला. “येतोयस ना? आणि ऐक, कॅमेरा शेपटीपाशीच लाव. बघू दे लोकांना.”

मित्रांनो, तुमच्या घरी घाटाचे जुने फोटो असतील तर मला द्या. आणि सर, वहीचं ते पान फाडल्याबद्दल आज मनापासून आभार.